आलूखालचा पुरावा

तळेगावात, म्हणजे श्यामजी पंताच्या तळेगावात, आठवडी बाजारात भाजी विकणाऱ्या गोपिकाबाईला ताजं अन्न शिजवता येत नाही. हे तिचे वैरी सांगत नाहीत, ती स्वतःच सांगते. लग्न होऊन आली त्या दिवशी तिनं केलेली वांग्याची भाजी सासऱ्यांनी पाण्याच्या घोटासोबत कशीबशी गिळली. दुसऱ्या दिवशी त्याच उरलेल्या भाजीत तिनं बेसन कालवून वडे थापले, तर सासरे मागून मागून जेवले आणि म्हणाले, "हिले कालचं देत जा. आजचं देऊ नोका." तेव्हापासून स्वयंपाक सासू करायची आणि उरलेलं गोपिकाबाईच्या ताब्यात जायचं. सासू गेल्यावर अडचण झाली. मग बंडूजी, म्हणजे तिचे यजमान, सकाळी वरण-भात शिजवू लागले आणि संध्याकाळी ती त्याचं काहीतरी करू लागली. कधी फोडणीचा भात, कधी धिरडं, कधी ज्याला नावच नाही असं काही. दोघांचं बरं चाललं होतं.

वरण-भातच का, तर दुसरं काय करावं हे बंडूजींना ठरवता येत नसे. अंबाडी की पालक, या प्रश्नावर ते वाफ्याजवळ अर्धा दिवस उभे राहत. आणि तरीही हा माणूस गावाचा अंपायर होता. क्रिकेट ते कधी खेळले नव्हते. पण मेहुण्याच्या लग्नात शिवलेला पांढरा पँट-शर्ट त्यांच्याकडे होता आणि उन्हाची म्हणून घेतलेली पांढरी टोपीही. एवढ्या भांडवलावर पोरांनी त्यांना मैदानात उभं केलं, आणि गावाला आढळून आलं की मैदानात बोट वर करायला बंडूजी क्षणभर थांबत नाहीत. लोक म्हणत, घरचे निर्णय वाचवून वाचवून तिथं खर्च करत असतील.

मागच्या वर्षी हिवाळ्यात टेनिस बॉलचे सामने झाले. पहिलं बक्षीस बोकड होतं. अंतिम सामना बाजार मोहल्ला आणि टेकडी मोहल्ला यांच्यात लागला. सामन्यांच्या समितीचे अध्यक्ष वासुदेवराव. वर्धेच्या एका कचेरीत आयुष्यभर कारकुनी करून ते गावी परतले होते आणि बोलताना अजून कचेरीतच असायचे. बक्षीस खेळाडूंच्या नजरेसमोर असलं तर खेळाचा दर्जा उंचावतो, असं त्यांचं मत. म्हणून त्यांनी बोकड मैदानाच्या कडेला बाभळीच्या बुंध्याला बांधायला लावला. दोर किती लांब आहे, हे कोणी पाहिलं नाही.

शेवटचा चेंडू आला तेव्हा बाजार मोहल्ल्याला जिंकायला चौकार हवा होता. बॅट स्वप्निलच्या हातात होती. त्यानं डोळे मिटून फिरवली आणि चेंडू उंच गेला. बोकड त्या वेळी सीमारेषेचा चुना चाटत होता. पुढचे पाय आत, मागचे बाहेर, असा तो रेषेवर आडवा उभा. चेंडू त्याच्या अंगावर आदळला, वर उडाला, आणि टेकडी मोहल्ल्याचा कप्तान शुभम यानं तो धावत येऊन झेलला. बोकड ओरडला. सगळ्यांनी बंडूजींकडे पाहिलं. बंडूजींनी बोट वर केलं.

टेकडी मोहल्ल्यानं बोकड खांद्यावर घेतला आणि नेला.

एरवी त्याचा रस्सा झाला असता आणि ही गोष्ट तिथंच संपली असती. पण शुभमनं मोबाइलवर कुठल्याशा देशातले लोक अख्खा बोकड सळईवर फिरवून भाजताना पाहिले होते. त्यानं वेल्डिंगच्या दुकानातून सळई आणली. पोरांनी पाळीपाळीनं ती फिरवली. बोकड बाहेरून कोळसा झाला आणि आतून बुटासारखा चिवट राहिला. कडेकडेचं ओरबाडून पोरं कंटाळली. मागची एक मांडी आणि पुढचा एक खांदा तसाच उरला.

इकडे स्वप्निल वासुदेवरावांच्या ओट्यावर जाऊन बसला होता. त्याचं म्हणणं सरळ होतं. चेंडू बोकडाच्या मागच्या अंगाला लागला. मागचं अंग रेषेबाहेर होतं. म्हणजे तो षटकार.

"हरकत दाखल करून घेतो," वासुदेवराव म्हणाले. "बोकडाला हजर करा. मार कुठं लागला, ते अंगावर दिसेल."

"त्याले तं भाजलं जी," स्वप्निल म्हणाला.

वासुदेवरावांनी चष्मा काढून पुसला. "सगळा?"

"मांडी अन् खांदा हाय म्हणते."

"मग तेवढा हजर करा."

अशा रीतीनं मांडी आणि खांदा हा पुरावा झाला. मांडी डावी निघाली, चेंडू उजवीकडून आला होता, हे शुभमनं दाखवून दिलं. वासुदेवराव म्हणाले, "डावी असली तरी बोकड तोच." मांस प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड सुतळीनं बांधलं, गाठीवर चिकटपट्टी लावली आणि तिच्यावर त्यांनी सही केली. गावात मोठा फ्रीज म्हणजे गोपिकाबाईचा. उरलेली भाजी आणि उरलेलं सगळंच ठेवायला तिनं तो घेतला होता. चूक अंपायरची असेल तर जबाबदारीही अंपायरच्याच घरावर पडते, असं सांगून वासुदेवरावांनी पिशवी स्वतःच्या हातानं त्यात ठेवली. चौकशी रविवारी.

बंडूजींनी त्या दिवसापासून जेवण सोडलं. सोडलं म्हणजे रुसून नव्हे. ताटावर बसायचे, घास उचलायचे, मग तो खाली ठेवायचे. सकाळचं वरण-भातही त्यांनी बंद केलं, कारण आधी वरण लावावं की आधी भात, हे त्यांना सुचेना. ताजं काही शिजेना, त्यामुळे शिळं काही उरेना, आणि गोपिकाबाईचा चुलीजवळचा जीव उदास झाला. ती दोन्ही वेळा मुरमुरे वाटीत घालून पुढं ठेवायची.

मग बंडूजींनी अंगणात चुन्याची रेघ मारली. रेघेवर स्टूल आडवं ठेवलं आणि लांबून त्याच्यावर कांदे फेकू लागले. कांदा स्टुलाला लागून कुठं उडतो, ते पाहायचे आणि मान हलवायचे.

"काय करून राह्यले तुमी?" गोपिकाबाईनं विचारलं.

"बोकडाचं पाहून राह्यलो. पण स्टुलाले पाठ नाई ना. बोकडाले गोल पाठ असते." त्यांनी बायकोकडे पाहिलं. "तू उभी राहत का?"

गोपिकाबाईनं पदर खोचला, रेघेवर गेली आणि हात-पाय टेकून उभी राहिली. तिला त्यात काही वावगं वाटलं नाही. नवरा उपाशी होता, आणि उपाशी माणसाचं ऐकावं लागतं. बंडूजी कांदा फेकणार तेवढ्यात कुंपणावरून शेजारच्या मनकर्णाबाईनं डोकावलं.

"काऊन वं गोपिके, काही हरपलं का?"

"नाई. बोकड झाली मी थोडा वेळ."

"अस्सं," मनकर्णाबाई म्हणाली, "मंग तोंड इकडे होतं त्याचं, का तिकडे?" ती सामना पाहायला गेली होती. गोपिकाबाई त्याप्रमाणे वळली. कांदा तिच्या कमरेला लागून पेरूच्या आळ्यात पडला. बंडूजी तिथंच खाली बसले.

"मले दिसलंच नाई, गोपिके," ते हळूच म्हणाले. "कुठं लागला, ते मले दिसलंच नाई. उन्हानं डोये दिपले होते. मी बोट वर केलं ना, थे औट म्हणून नोयतं केलं. मले म्हणाचं होतं, एक मिनिट थांबा. एवढ्यात त्याईनं बोकड उचलला. मंग मी काय सांगणार?"

गोपिकाबाई हात झटकत उभी राहिली. या माणसाला जेवू घातलं पाहिजे, एवढं तिला कळलं. पण घरात शिळं म्हणावं असं काहीच नव्हतं. होती ती फक्त सुतळीनं बांधलेली पिशवी.

तिनं पिशवीला हात लावला नसता. पण शनिवारी सकाळी लाइन गेली आणि दुपारपर्यंत आलीच नाही. फ्रीज आतून पाणी सोडू लागला. गोपिकाबाईनं वासुदेवरावांना फोन लावला.

"भाऊजी, पुरावा नरम होऊन राह्यला."

"पुरावा आहे त्या स्थितीत राहिला पाहिजे," वासुदेवराव म्हणाले.

"थे त्याले समजत नाई जी. संध्याकाळपर्यंत वास मारन."

पलीकडून उत्तर आलं, "पुरावा नष्ट होऊ नये, यासाठी जी योग्य ती कार्यवाही वाटेल, ती आपल्या स्तरावर करावी." एवढं बोलून त्यांनी फोन ठेवला.

योग्य ती कार्यवाही म्हणजे काय, याबद्दल गोपिकाबाईच्या मनात शंका नव्हती. तिनं सुतळी सोडली. सहीची चिकटपट्टी जपून फ्रीजच्या दारावर चिकटवली. जळकी साल सुरीनं खरवडून काढली आणि आतलं मांस हातानं तंतू तंतू करून सोललं. हाडं फेकली नाहीत. ती पाण्यात घालून चुलीवर चढवली आणि तासन्‌तास उकळू दिली. बाजारातून परत आलेले, कोंब फुटलेले आलू पोत्याच्या तळाशी होते. कोंब खुडून ते सालीसकट उकडले. कांदा तेलात काळसर होईस्तोवर परतला, त्यात आलं-लसूण, घरचा काळा मसाला, वाळलं खोबरं, आणि मग ते मांस. वरून हाडांचं पाणी. चिवट मांस त्या पाण्यात हट्ट सोडू लागलं, तेव्हा घरातली हवा बदलली. खाटेवर पडलेले बंडूजी कुशीवर वळले.

आलू सोलून तिनं तूप, मीठ आणि सायीसकट दूध घालून मळले, भरपूर सांबार चिरून घातला. सांबार म्हणजे आपली कोथिंबीर. जर्मनचा जाड गंज, म्हणजे ॲल्युमिनियमचं पातेलं, घेतला. त्यात खाली मांस, वर आलूचा बोटभर थर, थरावर तुपाचा हात. झाकण ठेवून कडेनं कणीक लिंपली. अंगणात निखाऱ्यांत भाजायच्या रोडग्यांसाठी लावतात तशा गोवऱ्या पेटवल्या, आणि निखारे धरल्यावर गंज त्यात पुरला, झाकणावरही निखारे ओढले. मग ती शेजारी बसून राहिली. हाडं धुऊन, पुसून तिनं ताटात मांडून ठेवली, पुढची इकडे आणि मागची तिकडे.

रविवारी सकाळी वासुदेवराव आले. सोबत शुभम आणि स्वप्निल, एकमेकांकडे पाठ करून. गंज रात्रभर राखेत राहिला होता, अजून गरम होता. बंडूजी पांढरे कपडे घालून भिंतीला टेकून बसले होते.

"पुरावा," वासुदेवराव म्हणाले.

गोपिकाबाईनं कणकेची कड फोडून झाकण उचललं. आलूचा थर वरून खरपूस तांबूस झाला होता आणि कडेनं रस्सा बुडबुडत होता. वासुदेवरावांनी वाकून पाहिलं.

"हा आलू आहे," वासुदेवराव म्हणाले.

"पुरावा खाली हाय जी. वरून आलू हाय."

"मांडी कुठली आणि खांदा कुठला?"

"थे एक झालं. पुढचं-मागचं आता नाई राह्यलं." तिनं ताट पुढं सरकवलं. "हड्ड्या हाय येगयेगया."

वासुदेवरावांनी हाडं पाहिली. कचेरीत असे प्रसंग येत नसत. शेवटी ते म्हणाले की आलूमुळे पाहणीस अडथळा होत आहे, सबब तो बाजूला करणे भाग आहे. गोपिकाबाईनं डावानं एका कडेचा आलू उचलला आणि टाकायचा कुठं म्हणून त्यांच्याच ताटलीत ठेवला. मग खालचं थोडं काढलं, पाहण्यासाठी. ते नुसतं पाहून समजेना, म्हणून वासुदेवरावांनी एक घास घेतला. नंतर चष्मा काढला. नंतर दुसरा घास घेतला.

"काय म्हणते?" स्वप्निलनं विचारलं.

"पाहणी सुरू आहे," वासुदेवराव तोंडातला घास न गिळता म्हणाले.

शुभम म्हणाला, मलेही पाहू द्या, बोकड आमचा होता. स्वप्निल म्हणाला, तुमचा होता का आमचा, तेच तं ठरून राह्यलं. गोपिकाबाईनं दोघांना वाढलं. शुभमनं पहिला घास खाल्ला आणि सांगितलं, हा पुढचा. स्वप्निलनं त्याच गंजातला घास खाल्ला आणि सांगितलं, हा मागचा. मग दोघांनीही वाद सोडून दुसरा घास घेतला. सळईवर ज्या मांसानं शुभमच्या दाढा दुखवल्या होत्या, ते आता जिभेवर आपोआप सुटत होतं, आणि वर तो तुपाळ, किंचित जळका आलू. आजारातून उठल्यावर आई भरवते, तशी त्याची चव होती.

बंडूजींपुढं गोपिकाबाईनं न विचारता ताटली ठेवली. त्यांनी ती खाल्ली. पुन्हा पुढं केली. दुसरी संपल्यावर हात न धुता ते उभे राहिले आणि म्हणाले, "मी औट दिला नोयता. मी एक मिनिट म्हटलं होतं, बोटानं."

सगळे खायचे थांबले नाहीत, पण हळू झाले.

"म्हणजे औट नाई?" शुभमनं विचारलं.

"माईत नाई. मले दिसलंच नाई."

"मंग षटकार," स्वप्निल म्हणाला.

"थेही माईत नाई."

स्वप्निलनं ताटली पुसून पुढं केली. त्याचा राग गेला असं म्हणता येणार नाही. "काकी, अजून द्या थोडं," तो म्हणाला. "पण हरकत कायम ठेवून खाऊन राह्यलो, हे ध्यानात असू द्या."

वासुदेवरावांनी निकाल जेवणानंतर दिला. बोकड अर्धा आत आणि अर्धा बाहेर होता, यावर वाद नाही. पुरावा पुढचा-मागचा वेगळा करता येत नाही, यावरही वाद नाही. सबब षटकारही अर्धाच धरणे न्यायाचे. षटकाराच्या अर्ध्या म्हणजे तीन धावा. तीन धावांनी सामना बरोबरीत सुटतो. बरोबरीत बक्षीस समसमान वाटायचं असतं, आणि ते आताच वाटून झालं आहे. हे बोलून त्यांनी गंजाची कड बोटानं पुसली.

कुणाचं समाधान झालं नाही, पण उठून जायलाही कोणी तयार नव्हतं. शुभम तिथंच ओसरीवर आडवा झाला. मग स्वप्निलही झाला, मध्ये हातभर जागा सोडून. दोघं दुपारपर्यंत झोपले. बंडूजींनी जाऊन पालक खुडून आणला.

त्यानंतर गावात या पदार्थाचं नाव पडलं चौकशी. कोणी ठेवलं ते माहीत नाही. मनकर्णाबाईकडे जावई आले आणि मटण उरलं, की ती गंज घेऊन यायची, "माझ्याकडची चौकशी करून दे वं." एकाची म्हैस मेली तेव्हा त्याच्याकडे चौकशी पाठवली गेली. यंदा सामन्यांना पुन्हा बोकड ठेवला आणि समितीनं गोपिकाबाईला स्वयंपाकाला बोलावलं, तर ती म्हणाली, "ताज्याचं मले जमत नाई. आज काहीतरी करा, उद्या उरलेलं आणून द्या." म्हणून शुभमनं आदल्या दिवशी बोकड पुन्हा सळईवर मुद्दाम वाईट भाजला. हे काम त्याला आता चांगलं जमतं.

या उन्हाळ्यात स्वप्निलचं लग्न जाम गावच्या रूपरावांच्या मुलीशी, आचलशी ठरलं. रूपराव चौरस्त्यावर टायरचं दुकान चालवतात, घाबरट पण भला माणूस. साखरपुड्याच्या आदल्या दिवशी स्वप्निलनं त्यांना फोनवर सहज सांगितलं, "आमच्या गोपिका काकी उद्या सकाळी चौकशी घेऊन येऊन राह्यल्या."

रूपरावांना रात्री जेवण गेलं नाही. चौकशी तर पोरगी पाहण्याआधीच झाली होती. आता पुन्हा कशाची? सकाळी त्यांनी दुकान बंद ठेवलं, इस्त्रीचा सदरा घातला, पोरीची शाळेची प्रमाणपत्रं आणि स्वतःचं रेशन कार्ड टेबलावर मांडलं आणि शेजारच्या चांगलं बोलणाऱ्या माणसांना बोलावून बसवलं. गोपिकाबाई जीपमधून उतरली, ती दोन्ही हातांत फडक्यात गुंडाळलेला गंज घेऊन. "काय विचाराचं, ते विचारा बाई," रूपराव हात जोडून म्हणाले. ती म्हणाली, "आधी ताटल्या आना."

रूपरावांनी भीत भीत पहिला घास घेतला. मग दुसरा. मग त्यांचे खांदे खाली आले, त्यांनी डोळे मिटले आणि कोणी काही विचारलं नसताना सांगून टाकलं की पोरगी तशी गुणाची आहे, पण झोपेत घोरते, आणि बरंच मोठ्यानं घोरते.

"घोरू द्या जी," गोपिकाबाई म्हणाली. "आलू घ्या अजून."